मीरिएलचा माग

प्रवचनकारांच्या पोतडीत काही दृष्टान्त असे असतात की ते प्रथम कोणी सांगितले याचा पत्ता लागत नाही आणि त्यांना निवृत्तीही मिळत नाही. विणलेल्या वस्त्राच्या मागील बाजूचा दृष्टान्त हा त्यांपैकीच एक. आपले आयुष्य म्हणजे देवाच्या मागावर विणले जात असलेले एक चित्र आहे. आपण खालून पाहतो, म्हणून आपल्याला गाठी, लोंबणारे धागे आणि रंगांचा गोंधळ दिसतो. देव वरून पाहतो, म्हणून त्याला फुले, पक्षी आणि वेलबुट्टी दिसते. आपण त्याच्यापाशी पोहोचलो की आपल्यालाही ती दिसेल. सेमिनरीतील पहिल्याच वर्षी, वार्षिक रिट्रीटच्या वेळी हा दृष्टान्त मी ऐकला. त्यानंतर निरनिराळ्या वेदींवरून तो किती वेळा कानी पडला याची मोजदाद मी ठेवलेली नाही.

विवाहाच्या रौप्यमहोत्सवात हा दृष्टान्त शोभून दिसतो. मात्र ज्या घराच्या ओटीवर पांढऱ्या कापडात गुंडाळलेली लहान पेटी ठेवलेली असते, तेथे तो माझ्या ओठांवर कधीच आला नाही. त्या मातेला मी काय सांगावे? तुझे लेकरू म्हणजे पलीकडच्या बाजूच्या एखाद्या गुलाबाच्या पाकळीसाठी मारावी लागलेली गाठ आहे, असे? दृष्टान्ताचा हेतू चांगला असेल, परंतु त्यात दुःखाला स्वतःची अशी काहीच किंमत उरत नाही. ते केवळ चुकीच्या बाजूने पाहिल्याचा दोष ठरते.

शिवाय तो विणकामाच्या दृष्टीनेही सर्वस्वी खरा नाही. येवल्याला एका विणकराच्या घरी बसून पैठणीचा पदर विणला जाताना मी पाहिला आहे. एका वेळी निरनिराळ्या रंगांच्या अनेक लहान कांड्या तो विणकर ताण्यातून फिरवत होता. ज्या रंगाचे जेवढे क्षेत्र, तेवढ्यातच तो धागा जायचा, शेजारच्या धाग्याला कवळून मागे फिरायचा. कौतुकाने मी काही विचारले, तेव्हा त्याने बाजूला घडी घालून ठेवलेला तयार पदर उचलला आणि उलटा करून माझ्या मांडीवर ठेवला. मोर इकडेही तसाच, तिकडेही तसाच. हातमागावरच्या अस्सल पैठणीची ओळखच ती, असे तो म्हणाला. युरोपातील राजवाड्यांच्या आणि कॅथीड्रलांच्या भिंतींवर झळकणाऱ्या टॅपेस्ट्रीचे तंत्रही मुळात हेच आहे. मराठीत तिला चित्रजवनिका असा भारदस्त शब्द आहे. मी या लेखात तिला साधेपणाने ‘पट’ म्हणेन.

अशा पटाची जी प्रतिमा मला पटली, जी मी दुःखी माणसासमोर निदान मनात तरी बाळगू शकलो, ती मला कोणत्याही प्रवचनसंग्रहात सापडली नाही. ती एका कल्पित जगात सापडली, आणि ते जग एका कॅथलिक गृहस्थाने निर्माण केलेले आहे.

जे. आर. आर. टॉल्किन हे ऑक्सफर्ड विद्यापीठात प्राचीन इंग्रजी भाषेचे प्राध्यापक होते. 1954 व 1955 या दोन वर्षांत तीन खंडांत प्रसिद्ध झालेल्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीमुळे, आणि आताच्या पिढीला 2001 ते 2003 या काळात आलेल्या तीन चित्रपटांमुळे, त्यांचे नाव ठाऊक आहे. हा ग्रंथ मुळातच धार्मिक आणि कॅथलिक आहे असे त्यांनी 1953 साली आपल्या एका येशूसंघीय स्नेह्याला पत्रातून कळवले होते. गंमत अशी की त्या ग्रंथात कोठेही चर्च नाही, धर्मगुरू नाही, उपासनेचा विधी म्हणावा असेही जवळजवळ काही नाही. रूपककथांचा तर त्यांना मनापासून तिटकारा होता. ही गोष्ट म्हणजे अमुक, ते पात्र म्हणजे तमुक, असे समीकरण मांडणाऱ्या वाचकांना ते दूरच ठेवत. तेव्हा पुढे मी जे लिहिणार आहे त्यात समीकरणे शोधू नयेत, अशी विनंती आहे.

सेमिनरीच्या ग्रंथालयात एका वृद्ध येशूसंघीय गुरुवर्यांनी माझ्या हाती ‘सिल्मरिलियन’ ठेवले. तत्त्वज्ञानाच्या परीक्षा नुकत्याच संपल्या होत्या. “फार पुढे गेल्यावर कळेल, पण आता वाचून ठेव,” एवढेच ते म्हणाले. टॉल्किन यांचे 1973 साली निधन झाले. त्यांच्या हयातीत पुरे न झालेले हे पुस्तक त्यांचे पुत्र ख्रिस्तोफर यांनी संपादित करून 1977 साली प्रसिद्ध केले. त्यात त्या जगाच्या उत्पत्तीची कथा आहे. एकच परमेश्वर आहे, त्याचे नाव इल्लूवातार. तो आपल्या चिंतनातून दिव्य आत्मे निर्माण करतो आणि त्यांच्यापुढे एक संगीत मांडतो. त्या संगीतातून विश्व घडते. एक बलाढ्य आत्मा, मेल्कोर, त्यात मुद्दाम विसंगत सूर मिसळतो. येथपर्यंतचे कथानक ऐकून आपल्या वाचकांना ओळखीचे काही आठवेल. ते स्वाभाविक आहे.

विश्वाची देखभाल करण्यासाठी त्यांपैकी काही आत्मे खाली उतरतात. त्यांना वाला म्हणतात. त्यांच्यात सात राण्या आहेत आणि त्यांपैकी एक वैरे, म्हणजे विणणारी. तिचा पती नामो हा मृतांच्या निवासाचा रक्षक आहे. त्याच्या निवासाच्या नावावरून त्याला मांडोस असेच म्हणतात. तो काहीही विसरत नाही. आणि त्याची ही पत्नी काळाच्या ओघात जे जे घडले ते सारे आपल्या कथापटांत विणते. मांडोसची दालने त्या पटांनी आच्छादलेली आहेत, आणि युगे जातात तशी ती दालने विस्तारत जातात.

वैरेविषयी त्या ग्रंथात जेमतेम एवढेच, एका वाक्यात मावेल इतके आहे. पण त्या वाक्यापाशी मी अडखळलो तो आजतागायत. भिंती वाढत जातात ही कल्पना किती साधी आणि किती अचूक आहे पाहा. घडून गेलेले कमी होत नाही, त्याला जागा करून द्यावी लागते. आणि त्या जगात संगीत व विणकाम यांची कामे वेगवेगळी आहेत, हेही माझ्या नंतर ध्यानात आले. संगीत आधी आहे; जे व्हावयाचे आहे त्याची रचना त्यात आहे. विणकाम नंतरचे आहे. वैरे कोणाचे नशीब विणत नाही. ग्रीकांच्या नियतिदेवता माणसाच्या आयुष्याचा धागा काततात, मापतात आणि कापतात. वैरेच्या हाती कात्री नाही. जे झाले ते ती राखते.

येथे थोडे विषयांतर करतो, कारण ते मला टाळवत नाही. फ्रान्सच्या मध्यभागी ओब्युसाँ नावाचे एक लहान गाव आहे. तेथे शतकानुशतके असे पट विणले जातात. 2009 साली युनेस्कोने त्या कलेची अमूर्त वारसा म्हणून नोंद केली. टॉल्किन हे हौशी चित्रकारही होते. ख्रिस्तोफर टॉल्किन हयात असतानाच, त्यांच्या कुटुंबाच्या संमतीने, या गावातील विणकरांनी टॉल्किन यांच्या मूळ चित्रांवरून तेरा पट आणि एक गालिचा विणण्याचा संकल्प केला. त्यातला पहिला पट 2018 च्या एप्रिलमध्ये मागावरून उतरला. तेथील माग आडवा असतो. विणकर पटाच्या उलट्या बाजूने काम करतो. ताण्याच्या खाली पूर्ण आकाराचे रेखाचित्र अंथरलेले असते, आणि काम संपून पट कापून उतरवला जातो तेव्हाच तो अखंड, सुलट बाजूने, सर्वांना दिसतो. म्हणजे आपला जुना दृष्टान्त येथे तरी लागू पडतो, असे कोणी म्हणेल. पडतो, पण ओब्युसाँच्या विणकराला चित्र आधी ठाऊक असते. ज्या विणकरीणीविषयी मला सांगावयाचे आहे, तिच्या मागाखाली कोणतेही रेखाचित्र अंथरलेले नाही. तिच्याकडे फक्त वार्ता येतात.

तिचे नाव मीरिएल. ती एल्फ लोकांची. हे लोक स्वभावतः अमर असतात. शस्त्राने वा अतीव दुःखाने त्यांचा देह पडला तरी आत्मा मांडोसच्या दालनात जातो आणि बहुधा काही काळाने परत येऊ शकतो. त्यांच्यातील नोल्डोर नावाच्या कुलाचा राजा फिन्वे याची मीरिएल ही राणी. तिच्या बोटांत असे कसब होते की अत्यंत नाजूक भरतकामात तिच्या तोडीचा कोणी नव्हता. तिला पदवीच मिळाली होती ‘सेरिंदे’, म्हणजे सुईकाम करणारी. तिला एक मुलगा झाला. त्याचे नाव फेआनोर, म्हणजे अग्नीचा आत्मा. त्याला जन्म देताना तिची सारी शक्ती जणू त्याच्यात ओतली गेली. पतीला तिने सांगितले की यापुढे आपल्याला मूल होणार नाही. पुष्कळ मुलांना पुरले असते तेवढे बळ या एकात गेले आहे. तिला विश्रांती हवी होती, आणि झोपेने मिळणारी विश्रांती पुरेनाशी झाली होती. रुपेरी वाळुंजवृक्षांच्या एका उपवनात तिला नेण्यात आले. तेथे ती निजली, आणि तिचा आत्मा देह सोडून निघून गेला. देह तसाच राहिला, न कोमेजलेला. फिन्वे वारंवार जाऊन त्या देहापाशी बसत असे आणि तिला हाका मारत असे. ती परतली नाही.

प्रसूतीनंतर आईला ग्रासून टाकणाऱ्या या थकव्याला आज वैद्यकात नाव आहे, उपचारही आहेत. आमच्या लहानपणी त्याला नाव नव्हते. “तिला बाळ नकोसं झालंय,” असे बायका दबक्या आवाजात म्हणत आणि विषय बदलत. ज्या काळी टॉल्किन यांनी हे लिहिले, त्या काळी तेथेही परिस्थिती फारशी निराळी नसावी. म्हणून मीरिएलला त्यांनी खलनायिका केले नाही याचे मला विशेष वाटते.

या कथेचा सविस्तर पाठ ‘सिल्मरिलियन’मध्ये नाही. 1950 च्या दशकाच्या उत्तरार्धात टॉल्किन यांनी तो पुन्हा पुन्हा लिहिला, आणि तो प्रसिद्ध झाला 1993 साली, ‘मॉर्गॉथ्स रिंग’ या खंडात. ख्रिस्तोफर यांनी पित्याच्या कागदपत्रांचे जे बारा खंड संपादित केले, त्यांतला हा दहावा. तो माझ्या हाती आला तेव्हा मी धर्मग्रामाच्या सेवेत मुरलो होतो. त्यात एक वादविवाद आहे, आणि ज्याने विवाहाची प्रकरणे हाताळली आहेत असा कोणताही धर्मगुरू तो वाचताना खुर्चीत सावरून बसेल. फिन्वे पुनर्विवाहाची अनुज्ञा मागतो. एल्फ लोकांत विवाह हा जन्माचा, आणि त्यांचा जन्म तर विश्वाच्या अंतापर्यंतचा. पत्नी मृत आहे, पण तिला परत येता येते. ती येत नाही इतकेच. मग बंधन सुटले की नाही? सारे वाला सभेत बसून यावर बोलतात. कोणी न्यायाचा पक्ष मांडतो, कोणी मीरिएलला दोष देतो. तेव्हा नियेन्ना बोलते. नियेन्ना ही शोक करणारी राणी. जगाच्या प्रत्येक जखमेसाठी ती रडते. चित्रपटांतला तो पांढऱ्या दाढीचा गॅन्डाल्फ ज्यांना आठवतो त्यांच्यासाठी सांगतो, त्याने दया आणि सहनशीलता हिच्यापाशीच शिकून घेतली. थकलेल्याला अपराधी समजू नका, असे तिच्या बोलण्याचे सार आहे. शेवटी नियम असा ठरतो की पहिली पत्नी कधीही न परतण्याचा निर्णय करील तरच दुसरा विवाह होऊ शकेल. मीरिएलला विचारले जाते. ती न येण्याचेच कळवते.

फिन्वे इंडिसशी विवाह करतो. तिला मुले होतात. फेआनोर सावत्र भावंडांशी कधीच मनाने एक होत नाही. आईची बोटे त्याला मिळाली आहेत. तो सिल्मरिल नावाची तीन तेजस्वी रत्ने घडवतो, ज्यांत त्या जगाचा आदिम प्रकाश साठवलेला आहे. मेल्कोर फिन्वेला ठार मारतो आणि रत्ने पळवतो. मग फेआनोर आणि त्याचे सात पुत्र एक भयंकर शपथ घेतात: जो कोणी ही रत्ने आपल्यापासून दूर ठेवील, मग तो चांगला असो वा वाईट, त्याचा पाठलाग करू. समुद्र ओलांडण्यासाठी त्यांना जहाजे हवी असतात. किनाऱ्यावरचे आप्त ती देत नाहीत. फेआनोरचे लोक त्यांची कत्तल करून जहाजे घेतात. एल्फ लोकांनी एल्फ लोकांना मारण्याची ती पहिलीच वेळ. पलीकडे पोहोचताच फेआनोर तीच जहाजे जाळतो आणि मागे राहिलेल्या भावाला व त्याच्या लोकांना बर्फाच्या वाटेवर सोडून देतो. पुढे तो युद्धात पडतो. पण शपथ पडत नाही. त्याचे पुत्र आणखी दोनदा आपल्याच लोकांवर तुटून पडतात. हे सारे मी दहा-बारा वाक्यांत उरकले. मूळ ग्रंथात हे शेकडो वर्षे चालते, आणि वाचताना छाती दडपते.

आता मांडोसची दालने. मारला गेलेला फिन्वे तेथे येतो. तेथे मीरिएल आहे. दोघे भेटतात. मुलाने काय केले, घरादाराची काय वाताहत झाली, ते तिला कळते आणि तिचे मन बदलते. आपण पतीला आणि पुत्राला सोडून आलो ते योग्य नव्हते, असे तिला वाटू लागते. तिला देहात परतावेसे वाटते. पण नियम आड येतो. फिन्वे कधी ना कधी पुन्हा जन्मला, तर त्याला दोन जिवंत पत्नी होतील. तेव्हा फिन्वे स्वतःचे परतणे कायमचे सोडून देतो, तिला जाता यावे म्हणून. हे वाचून मी पुस्तक मिटले आणि बराच वेळ उघडले नाही. पतिपत्नीच्या प्रेमावर मी पुष्कळ प्रवचने दिली आहेत. त्यांपैकी एकातही मला हे सुचले नव्हते.

मीरिएल त्या उपवनातील आपल्या देहात परतते आणि संधिप्रकाशात एकटीच उठून उभी राहते. ती आपल्या लोकांकडे जात नाही. ती वैरेच्या दाराशी जाते आणि आत घेण्याची विनवणी करते. त्या घरात देहधारी असे कोणी राहत नाही, कोणी कधी गेलेलेही नाही. तिला मात्र आत घेतले जाते. तेव्हापासून नोल्डोर लोकांच्या आरंभापासूनच्या साऱ्या वार्ता तिच्याकडे आणल्या जातात आणि ती त्या विणते. तिचे पट इतके सजीव आहेत की त्यांतील आकृती जिवंत भासतात. ते नाश पावत नाहीत. आणि त्यांत असे रंग आहेत की जे मर्त्यांच्या भूमीवर कोणी पाहिलेले नाहीत. जादू म्हणावी ती एवढीच. हा पट कोणाला आकाशातून उडवत नाही, अदृश्य करीत नाही, इच्छा पुऱ्या करीत नाही.

आणि त्यात आहे काय? तिच्या घराण्याचा इतिहास. म्हणजे किनाऱ्यावरची कत्तल आहे. ज्वाळांत पेटलेली जहाजे आहेत. बर्फावर पडलेली प्रेते आहेत. ते लाल आणि ते काळे धागे तिलाच कांडीवर भरावे लागले असणार. कोणत्या माणसाच्या हातात तलवार द्यायची हे तिलाच विणावे लागले असणार, आणि त्या माणसाचा चेहरा तिने तान्हेपणी पाहिलेला आहे. टॉल्किन हे असे उलगडून सांगत नाहीत. ते फक्त म्हणतात की सर्व वार्ता तिच्याकडे आणल्या जात. ‘सर्व’ या शब्दापाशी बाकीचे मी भरले आहे. पण मला नाही वाटत की मी काही जास्तीचे भरले.

माझ्या कामाच्या खोलीत लोखंडी कपाटात बाप्तिस्म्याच्या नोंदवह्या आहेत. प्रत्येक नोंदीपुढे समास सोडलेला असतो. त्या समासात पुढे दृढीकरणाची, विवाहाची, गुरुदीक्षेची वा व्रतबंधनाची टीप येते. विवाह रद्दबातल ठरला तर तीही टीप तेथेच येते. धर्मनियम तसा आहे. अमुक टीप काढून टाका, असे सांगायला माणसे येतात, काही रागाने, काही रडत. खोडण्याची मुभा कोणालाच नाही. आणि पूर्वी मला त्यात केवळ कायद्याचा कोरडेपणा दिसे. आता दिसत नाही.

काही वर्षांपूर्वी मी ज्या धर्मग्रामात होतो, तेथे शतकमहोत्सवाची स्मरणिका काढायचे ठरले. प्रत्येक कुटुंबाने एक फॉर्म भरून द्यायचा: आईवडिलांची नावे, मुलांची नावे, एक छायाचित्र. एका घरचा फॉर्म आला, त्यात पाच मुलांची नावे होती. दोन दिवसांनी त्या घरची वृद्ध आई सकाळच्या मिस्सानंतर आली. “फादर, पाच नाहीत, सहा. मधलं नाव राहिलंय.” ते राहिले नव्हते, हे तिलाही माहीत होते आणि मलाही. तो मधला मुलगा जमिनीच्या भांडणात चुलतभावाच्या खुनासाठी जन्मठेप भोगत होता. थोरल्या भावांनी विचारपूर्वक त्याला वगळले होते; धाकट्या बहिणीच्या लग्नाची बोलणी चालू होती. मी तिला म्हटले, घरात एकदा बोलून घ्या. ती म्हणाली, “घरात काय बोलायचं? मी सहा बाळंतपणं केली. पाच कशी लिहू?”

सहा नावे छापली गेली. थोरला भाऊ त्यानंतर बराच काळ माझ्याशी बोलत नव्हता, हे खरे. आडनावांच्या अनुक्रमाने पाने लावली होती, त्यामुळे ज्याचा खून झाला त्याचे कुटुंब समोरच्याच पानावर आले. त्याच्या नावाआधी लहानसा क्रूस होता. दोन्ही घरांतल्या आया स्मरणिका घेण्यासाठी प्रकाशनाच्या दिवशी रांगेत उभ्या होत्या, मध्ये तीन-चार माणसे होती. त्या एकमेकींशी बोलल्या नाहीत. पहिलीने दोन प्रती घेतल्या, एक तुरुंगात पाठवण्यासाठी. मीरिएलची कथा मी त्याआधी वाचली होती, परंतु त्या रांगेकडे पाहताना ती मला समजली.

टॉल्किन यांना हे कोठून सुचले असेल, असा विचार मनात येतोच. त्यांचे वडील 1896 साली दक्षिण आफ्रिकेत वारले, तेव्हा ते चार वर्षांचे होते. आई मेबल दोन मुलांना घेऊन इंग्लंडमध्ये राहिली. 1900 साली तिने कॅथलिक श्रद्धा स्वीकारली, आणि नातलगांनी तिच्याकडे पाठ फिरवली. पैशाची मदतही थांबली. मुलांना तीच शिकवत असे: लॅटिन, चित्रकला, वनस्पतींची ओळख. तिचे हस्ताक्षर फार वळणदार होते, आणि पुत्राच्या सुंदर अक्षराचे श्रेय तिलाच दिले जाते. तिला मधुमेह झाला. इन्शुलिनचा वापर 1922 पासून सुरू झाला. मेबल 1904 च्या नोव्हेंबरमध्येच गेली, चौतिसाव्या वर्षी. पुत्र बारा वर्षांचा होता. आपली आई श्रद्धेपायी झिजून हुतात्मा झाली, असे तो आयुष्यभर मानत आला. मेबलने स्वतःहून मुलांना सोडले नव्हते, आणि म्हणून ती म्हणजे मीरिएल असे मी मुळीच म्हणणार नाही. पण कसबी बोटांची, मुलासाठी सारे बळ खर्चून लवकर निघून गेलेली आई त्यांनी पाहिली होती, इतके नक्की.

मेबलने मुलांचे पालकत्व बर्मिंगहॅमच्या ऑरेटरीतील फादर फ्रान्सिस मॉर्गन यांच्याकडे सोपवले होते. या धर्मगुरूंनी दोन्ही मुलांना वाढवले, शिकवले. पैसे कमी पडत तेथे आपल्या घराण्याच्या उत्पन्नातून घातले. टॉल्किन यांच्या चरित्रात त्यांना चार-सहा पाने मिळतात, आणि त्यांतली निम्मी त्यांनी तरुण टॉल्किनला एकवीस वर्षांचा होईपर्यंत प्रेयसीला भेटायची मनाई केली याबद्दल असतात. असो. धर्मगुरूंच्या वाट्याला चरित्रात बहुधा हेच येते. टॉल्किन यांनी आपल्या थोरल्या मुलाच्या नावात ‘फ्रान्सिस’ गुंफले, आणि तो मुलगा पुढे धर्मगुरू झाला.

वैरेच्या घरात गेल्यावर मीरिएलचे नाव बदलले. तिला फीरिएल म्हणू लागले. त्याचा अर्थ, ‘जी मरण पावली ती’. ती अजून विणते आहे. फिन्वेला अधूनमधून तिचे पट पाहण्याची परवानगी मिळते. तो परत कधीच बाहेर येणार नाही, हे ठरलेलेच आहे. पण तो पाहू शकतो.

आणि फेआनोर? त्याच्याविषयी ‘सिल्मरिलियन’ सांगते की मृत्यूनंतर त्याचा आत्मा मांडोसच्या दालनांतून कधीच बाहेर पडला नाही. ज्या दालनांच्या भिंती वैरेच्या घरात विणलेल्या पटांनी आच्छादलेल्या आहेत, तीच ही दालने. आईचे पट तेथे टांगले जातात असे टॉल्किन यांनी कोठे लिहिलेले नाही; हा माझा तर्क आहे. आई देहात आहे, मुलगा देहाबाहेर. ती त्याच्याकडे जाऊ शकत नाही, तो तिच्याकडे येऊ शकत नाही. तो त्या भिंतींकडे वळून पाहतो की नाही, याविषयीही टॉल्किन यांनी काही लिहिलेले नाही.